रक्तातला विळा

माझ्या आईने ऐंशी ओलांडली आहे. दुपारचं जेवण झालं की ती दिवाणावर बसते आणि हाताशी जे असेल ते दाबू लागते. उशी असली तर उशी, घडी घातलेली चादर असली तर चादर, मी शेजारी पाय पसरून बसले असले तर माझा पाय. अंगठा आधी घोट्याच्या मागे, मग पोटरीवरून वर, गुडघ्याखाली जरा थांबून पुन्हा खाली. विचारलं तर म्हणते, "मी कुठं काय करून राहिली?" तिला खरंच ठाऊक नसतं. ज्या पायांसाठी ते हात हे शिकले, ते पाय जाऊन चाळीसेक वर्षं झाली. हातांना मात्र अजून कोणी सांगितलेलं नाही.

माझा भाऊ माझ्याहून दोन वर्षांनी धाकटा. काडीसारखे हातपाय, पोट जरासं पुढे, आणि डोळ्यांत कायम पिवळी झाक. शाळेतली पोरं त्याला हळद्या म्हणायची. कॅरमला मात्र त्याच्यासमोर कोणी टिकायचं नाही. आम्ही तेव्हा उत्तर नागपुरात दोन खोल्यांत राहायचो, वडील गिरणीत होते. डिसेंबरात थंडी पडली की त्याचं दुखणं यायचं, आणि मे महिन्यात लू सुटली की पुन्हा यायचं. कधी गुडघे, कधी मांड्या, कधी पाठीचा कणा. "आतून कोणीतरी हाडं कुटून राहिलं," असं तो सांगायचा. एका डॉक्टरने संधिवात म्हटलं, दुसऱ्याने कावीळ, तिसऱ्याने जंताचं औषध दिलं. वडिलांनी तरुणपणी दीक्षा घेतली तेव्हाच घरातले देव नदीत सोडले होते, त्यामुळे अंगारे-धुपारे आमच्याकडे चालत नसत. तरी एकदा आईने गुपचूप कुठून तरी काळा धागा आणून त्याच्या घोट्याला बांधला. वडिलांना तो दिसला. त्यांनी तो कापला नाही आणि त्याबद्दल बोललेही नाहीत.

मी बारा वर्षांची असेन, तो दहाचा. सकाळी नळावर पाणी भरायची त्याची पाळी होती, आणि तो उंबऱ्यावर गुडघा धरून बसला होता. मला शाळेला उशीर होत होता. मी दोन्ही बादल्या उचलल्या आणि म्हटलं, "नाटक करून राहिला. पाणी आणाचं आलं का तुहा पाय दुखते."

त्याने माझ्याकडे पाहिलं. उलटून बोलला असता तर बरं झालं असतं. तो उठला, लंगडत आला आणि माझ्या हातातली एक बादली काढून घेतली. त्या दिवसानंतर माझ्यासमोर तो कधी रडला नाही. दुखत असलं की तो पायाची बोटं आत वळवून घट्ट धरायचा, इतकी की बोटांच्या कडा पांढऱ्या पडायच्या. त्याचं दुखणं ओळखायला माझ्याकडे तेवढी एकच खूण उरली.

पुढच्या हिवाळ्यात त्याला मोठ्या सरकारी दवाखान्यात नेलं. तिथे एक तरुण डॉक्टर होता. त्याने बोटातून रक्ताचा थेंब घेतला, काचेवर ठेवला, वरून दुसरी काच लावली आणि बराच वेळ सूक्ष्मदर्शकात पाहत राहिला. मग काय वाटलं कोण जाणे, त्याने मला बोलावलं. "बघतेस?"

मी एक डोळा मिटला. उजेडाच्या गोल तळ्यात गोल पेशी तरंगत होत्या, मध्ये जराशा खोलगट, बशीसारख्या. त्यांच्यातच काही वाकड्या होत्या, दोन्ही टोकांना निमुळत्या. धान कापायचे विळे कोणीतरी पाण्यात टाकून द्यावेत तशा.

डॉक्टरने आईवडिलांना समोर बसवून शांतपणे समजावलं. ह्या रोगाचं नाव सिकलसेल. हा संसर्गाने होत नाही, जन्मतःच असतो. अर्धा आईकडून येतो, अर्धा वडिलांकडून. तुम्हा दोघांकडे एकेकच आहे, म्हणून तुम्हाला त्रास नाही. ह्याला दोन्ही मिळाले.

आई म्हणाली, "म्या काय देलं त्याले डाक्टरसायेब? म्या त दूध देलं."

वडील आपल्या तळहाताकडे पाहत बसले होते. परत येताना सायकलरिक्षात ते एवढंच म्हणाले, "कोणाले सांगू नका." मग त्यांनी माझ्याकडे पाहिलं. माझ्या लग्नाचा विचार त्यांच्या मनात येऊन गेला हे मला त्या वयातही समजलं.

भाऊ माझ्या मांडीला टेकून बसला होता. त्याने हळूच विचारलं, "ताई, तू पाह्यलं ना? कसं दिसते वं?"

"विळ्यावानी."

"म्हणजे खरंच हाय ते," तो म्हणाला.

चुकलं रे माझं, हे तीन शब्द मला तेव्हा तोंडातून काढता आले नाहीत. नंतर आठ वर्षं तो जगला, आणि रोज संध्याकाळी आम्ही एका ताटात शेंगदाणे खाल्ले. तरीही आले नाहीत.

मी विज्ञान शाखेला गेले ते त्या काचेमुळे. बी.एस्सी.च्या शेवटच्या वर्षाला होते तेव्हाच्या जानेवारीत त्याला ताप आला, छातीत दुखू लागलं, श्वास लागायला लागला. तो एकोणीस वर्षांचा होता. वॉर्डात मी त्याच्या खाटेशी बसले होते. त्याने विचारलं, हल्ली काय शिकून राहिली? मी त्याला नुकतंच वाचलेलं सांगितलं. हा बिघाड इतकी हजारो वर्षं माणसांत टिकून राहिला, त्याला कारण आहे. जिथे तळी आहेत, दलदल आहे, जंगल आहे, तिथे हिवतापाने लेकरं मरायची. ज्यांच्या रक्तात हा एकच विळा होता, ती त्या तापातून तगली. त्यांना पोरं झाली, त्या पोरांना पोरं झाली. आईचं माहेर भंडाऱ्याकडचं, तळ्यांच्या मुलखातलं. आपण आहोत ते ह्याच्यामुळे आहोत.

त्याने डोळे मिटून ऐकलं. "म्हणजे तुह्याकडं एक असन त तू वाचशीन."

"हो."

"अन् माह्यासारखे?"

मी त्याचं पांघरूण सारखं केलं. तो हसला. हसताना त्याला खोकला आला. "मले त मच्छर चावतच नाही वं," तो म्हणाला. "त्याले रक्त लागते. माह्याकडं आहे कुठं?"

दुसऱ्या दिवशी दुपारी तो गेला. आई पायथ्याशी बसून त्याचे पाय दाबत होती. नर्सने येऊन तिचे हात बाजूला करेपर्यंत ती दाबतच होती.

माझी तपासणी मी स्वतःच करून घेतली. एक विळा माझ्याकडे होता. लग्नाची बोलणी सुरू झाली तेव्हा मी वडिलांना सांगितलं, आधी मुलाचं रक्त तपासायचं, मग बाकीचं. दोन घरांनी अपमान मानला आणि चहा न घेता निघून गेली. तिसऱ्या घरचा मुलगा शिक्षक होता, तो स्वतः जाऊन तपासणी करून आला. त्याच्याकडे विळा नव्हता. वडील तो कागद शर्टाच्या खिशात ठेवून नातेवाइकांत फिरले. ज्यांनी "कोणाले सांगू नका" म्हटलं होतं तेच आता भेटेल त्याला सांगत होते, "पोट्टीचं लगन आहे? आधी रक्त तपासा."

पुढे तीसेक वर्षं मी कनिष्ठ महाविद्यालयात जीवशास्त्र शिकवलं. उत्क्रांतीचा धडा मला आवडायचा आणि त्या धड्याची मला भीतीही वाटायची. बहुतेक मुलांच्या डोक्यात एकच चित्र पक्कं असतं. डावीकडे वाकलेलं माकड, मग जरा कमी वाकलेलं, आणि उजव्या टोकाला भाला घेऊन ताठ चालणारा माणूस. त्यांना वाटतं तिथे गोष्ट संपली. मी त्यांना म्हणायची, "अंगठा करंगळीला लावा आणि मनगट थोडं वाकवा. मधोमध दोरी उठते का बघा." वर्गात एकच गलका व्हायचा. बहुतेकांच्या मनगटावर दोरी उठायची, चारदोघांच्या नाही. ज्यांची उठत नसे ते घाबरून विचारायचे, मॅडम, आमच्यात काही कमी आहे का? मी सांगायची, काही कमी नाही. ती एका जुन्या स्नायूची दोरी, झाडावर लोंबकळायच्या दिवसांत तिचा उपयोग होता. आता काहींच्या हातातून ती निघून चालली आहे. कोणाला अक्कलदाढ येतच नाही. आपण अजून घडतोच आहोत.

त्यानंतर सिकलसेल यायचा. फळ्यावर मी एक गोल काढायची आणि एक विळा. त्या वेळी वर्गाकडे पाठ असायची, आणि मला दर वर्षी वाटायचं की मागच्या बाकांवर कोणीतरी एक जास्त बसलं आहे. मी वळून मुलं मोजली नाहीत कधी. पण वाक्य मात्र ठरलेलं होतं: ह्या जनुकाची एक प्रत मिळाली तर हिवतापापासून संरक्षण मिळतं, म्हणून निसर्गाने ते राखलं.

एका वर्षी दुसऱ्या बाकावरची एक मुलगी उभी राहिली. तिने कधी तोंड उघडलेलं मला आठवत नव्हतं. "मॅडम, मग ज्यांना दोन मिळतात ते कशासाठी?"

"कशासाठी असं काही नसतं," मी म्हटलं. "निसर्गाला हेतू नसतो." पुस्तकात हेच लिहिलेलं आहे आणि ते बरोबर आहे. ती बसली. मी धडा पूर्ण केला, हजेरी घेतली, स्टाफरूममध्ये आले आणि पाण्याचा ग्लास हातात धरून पुढचा तास संपेपर्यंत तशीच उभी राहिले.

माझी मुलगी शाळेत असतानाच मी तिची तपासणी करून घेतली होती. तिच्याकडे माझा विळा आला होता, एक. ती इंजिनिअर झाली, विमानतळाजवळच्या मिहान उद्योगवसाहतीत नोकरीला लागली. आम्ही प्रताप नगरला राहायला येऊन तोवर बरीच वर्षं झाली होती, वडील गेले होते, आई आमच्याकडेच होती. एका रविवारी सकाळी पोहे खाताना मुलीने सांगितलं की तिला लग्न करायचं आहे. मुलगा मिहानमध्येच विमान दुरुस्तीच्या कामावर होता, गडचिरोलीकडच्या शेतकरी घरातला. मी विचारलं, घरचे लोक कसे आहेत. तिने ते सांगितलं. मग बशीकडे पाहत म्हणाली, "आई, त्याची टेस्ट लहानपणीच झाली आहे. त्याची मोठी बहीण सिकलची पेशंट आहे ना, म्हणून घरात सगळ्यांची झाली. तोही कॅरिअर आहे, माझ्यासारखाच एकवाला."

त्या दिवशी आमच्या घरात जातीचा प्रश्न कोणी काढलाच नाही. रक्ताचा निघाला.

"मग नाही," मी म्हटलं.

"आई, ऐकून तर घे."

"काय ऐकायचं त्यात? चारात एक. प्रत्येक वेळी चारातल्या एकाला दोन्ही. मी आयुष्यभर हेच गणित शिकवलं आहे."

"मग हेही शिकवलं असशील की आता पोटात असतानाच कळतं. आम्ही डॉक्टरांना भेटून आलोय. आमचं सगळं बोलणं झालंय."

"तुला अख्ख्या नागपुरात दुसरा कोणी भेटला नाही?"

तिने माझ्याकडे नीट पाहिलं. "तू दर वर्षी वर्गात सांगायचीस ना, ह्याच्यामुळेच आपण वाचलो म्हणून. अभिमानाने सांगायचीस. मी तुझ्याच कॉलेजात होते, आई."

"ह्या घरात पुन्हा ते नको," मी म्हटलं. माझा आवाज चढला होता. यजमान उठून गॅलरीत गेले. दिवाणावर आई उशी दाबत होती, तिचे हात थांबले.

तीन आठवडे आम्ही मायलेकी कामापुरतंच बोललो. मग एका दुपारी दार वाजलं. दारात साधारण पस्तिशीची एक बाई उभी होती. हडकुळी, नीट नेसलेली साडी, खांद्याला कापडी पिशवी.

"काकू, मी त्याची बहीण," ती म्हणाली. "महिन्याच्या तपासणीले येते नागपूरले. म्हटलं, ज्याचं भेव वाटून राहिलं ते तुमी एकडाव डोळ्यानं पाहून घ्या."

मी तिला आत घेतलं. ती खुर्चीत बसली आणि तिने मान वर केली. तिच्या डोळ्यांत ती झाक होती. तीच, पिवळी. माझ्या भावाचे डोळे एकोणीस वर्षांच्या पुढे मी कधी पाहिले नव्हते. आता त्यांच्या कडेला सुरकुत्या होत्या, खाली काळी वर्तुळं होती, आणि ते माझ्याकडे बघून जरा हसत होते. मी पाणी आणायला स्वयंपाकघरात गेले.

ती ब्लाऊज शिवायची. गावात तिच्या हाताला मान होता. रोज एक गोळी घ्यावी लागते, तिने सांगितलं, पाणी खूप प्यावं लागतं, थंडीत जपावं लागतं. आधी वर्षात आठ-दहा वेळा दुखणं यायचं, आता एखाद-दोन वेळा येतं. लग्न केलं नाही. "दोन आले होते. एकाले खरं सांगतलं, त तो गेला. दुसऱ्याले मीच नाही म्हटलं."

हे बोलणं चाललेलं असताना आई दिवाणावरून उतरली, तिच्या पायाशी जमिनीवर बसली आणि तिचा उजवा पाय मांडीवर घेऊन दाबायला लागली. घोट्याच्या मागून पोटरीवर, गुडघ्याखाली जरा थांबून पुन्हा खाली.

"आजी, आज नाही दुखत वं," ती म्हणाली.

आईने ऐकलं नाही. त्या बाईने माझ्याकडे पाहिलं. मी काहीच सांगितलं नव्हतं, पण तिला समजलं असावं. तिने पाय ओढून घेतला नाही. दुसराही पुढे केला.

ती गेल्यावर मी आईजवळ बसले. जे चाळीस वर्षांत विचारलं नव्हतं ते विचारलं. "आई, तुला आधीच कळलं असतं तर? तो पोटात असताना?"

तिचं उत्तर मला ठाऊक आहे असं मी धरून चालले होते. माहं लेकरू मी कसं नको म्हटलं असतं, असं ती म्हणेल.

आई म्हणाली, "मी नको म्हटलं असतं. माह्यासाठी नाही. मले तो पाहिजेच होता. त्याच्यासाठी नको म्हटलं असतं." आणि जरा वेळाने, "पण मंग तो कॅरम कोण खेळला असता?"

लग्न झालं. भर दुपारी साध्या हॉलमध्ये, बुद्धवंदना म्हणून. नणंदेने नवरीचा ब्लाऊज शिवला होता.

दोन वर्षांनी मुलीला दिवस गेले. अकराव्या आठवड्यात वारेचा अगदी छोटा तुकडा काढून तपासायला बाहेरगावी पाठवतात. निकाल यायला दिवस लागतात. त्या दिवसांत तिने मला फोनवर स्वयंपाकाच्या गोष्टी विचारल्या, कढीत आंबट किती घालायचं वगैरे. एका गुरुवारी तिचा फोन आला नाही. शुक्रवारी संध्याकाळी जावई एकटाच आला. उभ्यानेच म्हणाला, "काकू, रिपोर्ट आला. बाळाकडे दोन्ही होते. आम्ही ठरवलं. काल झालं. ती झोपली आहे."

"मला बोलवायचं नाही?"

"ती म्हणाली, आईला आज नको."

मी ते समजू शकले. आणि समजल्याचाच मला त्रास झाला. मुलीला वाटलं असणार की मी त्या खोलीत आले तर एकटी येणार नाही, तिच्या मामालाही घेऊन येईन.

तिच्यासोबत दवाखान्यात नणंद गेली होती. हे मला आठवड्याने कळलं. मी मुलीच्या घरी गेले तेव्हा नणंद तिथे मशीनवर उशीचे अभ्रे शिवत होती. मुलगी आत पडून होती. मी नणंदेजवळ स्टूल ओढून बसले. तीच बोलली, मशीन न थांबवता.

"तिनं मले आधी इचारलं होतं काकू. तुम्हाले राग येईन काय, म्हणून. मी म्हटलं, मले काहून राग येईन? मले माहीत आहे दुखणं कसं असते. मी तिचा हात धरून बसली." तिने धागा तोडला. "राग नाहीच आला. पण घरी येऊन मी गॅसपाशी उभी राहिली अन् मले आठवलं, मी त्याची आत्या होती. या घरात माह्यासारखं रक्त दुसरं कोणाचंच नाही. एकट्या त्याचंच होतं."

मशीन पुन्हा सुरू झालं. मी तिच्या पाठीवर हात ठेवला. साडीखाली कण्याचे मणी एकेक हाताला लागत होते.

त्यानंतर कित्येक दिवस मला घरात दोघं जाणवायचे. एक एकोणीस वर्षांचा, एक ज्याला वयच नव्हतं. भाजी निवडताना, कपडे वाळत घालताना. ते काही म्हणायचे नाहीत. पूर्वी मी मुलांना सांगायची की निवड निसर्ग करतो आणि त्याला हेतू नसतो. आता ती निवड माझ्या पोरीने केली होती, एका स्वच्छ खोलीत, सही करून, आणि तिचा हेतू तिला स्पष्ट माहीत होता. तिने योग्यच केलं असं मला तेव्हाही वाटत होतं आणि आजही वाटतं. पण तेच साठ वर्षांपूर्वी कोणी केलं असतं तर रिक्षात माझ्या मांडीला टेकून कोण बसलं असतं, हा विचार मला सोडत नाही. दोन्ही गोष्टी मी एकत्र बाळगते. त्यांचं एकमेकींशी जमत नाही.

मुलीशी मी एकदाच बोलले. तिच्या घरी धुतलेले कपडे घडी करत होतो. मी म्हटलं, "मामाला मी एकदा नाटकी म्हटलं होतं. त्याची माफी कधी मागितली नाही."

"मला माहीत आहे," ती म्हणाली. "आजीने सांगितलंय. त्याने आजीला सांगितलं होतं." मग तिने माझ्या हातातली चादर घेतली. "आजी म्हणाली, त्याला राग नव्हता. ताईलेच जास्त लागलं, म्हणायचा."

मी बाथरूममध्ये जाऊन नळ सोडला.

मागच्या वर्षी नात झाली. तिच्या वेळी निकाल आला तेव्हा फोनवर मुलगी आधी रडली आणि मग म्हणाली, "एकच." मलाही रडू आलं, आणि ते सुटल्याचं होतं, आणि सुटल्याची लाजही वाटली. बाळाला पहिल्यांदा मांडीवर आत्याने घेतलं, ते आम्ही कोणी ठरवलं नव्हतं. ती सगळ्यात जवळ उभी होती एवढंच.

गेल्या पावसाळ्याच्या शेवटी नातीला ताप भरला, आठ महिन्यांची होती ती. तीन दिवस उतरेना. मुलगी कामावर होती म्हणून मीच तिला बालरोगतज्ज्ञाकडे घेऊन गेले. बाहेर डबक्यांत डास माजले होते, दवाखाना तापाच्या लेकरांनी भरला होता. डॉक्टर म्हणाली, मलेरिया आणि डेंग्यू, दोन्हीची तपासणी करून घेऊ. बोटाला सुई टोचली, नात किंचाळली, आणि आम्ही बाकावर निकालाची वाट पाहत बसलो.

ती माझ्या खांद्यावर तापून झोपली होती. माझ्या मनात एकदम आलं की हेच ते. ह्याच्यासाठीच ते तिच्या रक्तात आलं आहे. ज्या तापासाठी हा सौदा झाला, तोच ताप असला तर ती तगेल. मी ह्या विचाराने घाबरले, कारण क्षणभर मला तो मलेरियाच असावा असं वाटलं. मग त्या सगळ्यांच्या जाण्याला काही तरी अर्थ लागला असता. तळ्याकाठच्या कोणा बाईने ताप उतरलेलं लेकरू उराशी धरलं असेल आणि तिचं दुसरं लेकरू हाडं दुखून गेलं असेल. तिला ह्यातलं काहीच कळलं नसेल. अशा किती बाया त्या बाकावर माझ्या आजूबाजूला बसल्या होत्या, मला मोजता आलं नसतं. मी मान वळवली नाही. नातीच्या डोक्यावर ओठ टेकवून बसून राहिले. तिच्या टाळूला घामाचा आणि दुधाचा वास होता.

कंपाउंडरने आमचा नंबर पुकारला. डॉक्टरने कागद पाहिला आणि म्हणाली, "दोन्ही निगेटिव्ह. साधा व्हायरल आहे, आजी. दोन दिवसांत खेळायला लागेल."

"बरं," मी म्हटलं, आणि औषधाची चिठ्ठी घेऊन बाहेर रिक्षा बघायला लागले.